आनदोंगकरणीचे कान

लसूण उपटायची वेळ आणि फुटबॉलच्या विश्वचषकातला सामना एकाच सकाळी यावेत, यात कोणाचाच दोष नव्हता. बामगोल गावचा लसूण जूनच्या मध्यावर तयार होतो आणि दोन दिवस जास्त जमिनीत राहिला की त्याच्या पाकळ्या फाकतात. मग बाजारात त्याला कुत्रंही विचारत नाही. सामना होता जगाच्या पार दुसऱ्या टोकाला. तिथे रात्र पडली की इथे सकाळचे दहा वाजतात. आणि नेमकी त्याच दिवशी सावड, म्हणजे सगळ्यांनी मिळून एकमेकांच्या शेतात राबायची पाळी, होती आनदोंगकरणीच्या शेतात.

आनदोंगकरणीचं खरं नाव बे माल-सुन. पण आनदोंगहून लग्न होऊन ती या गावात आली त्याला चोपन्न वर्षं झाली आणि तेव्हापासून ती आनदोंगकरीणच. गावातल्या सगळ्या बायका अशाच माहेरच्या नावाने चालतात. खरी नावं दवाखान्याच्या कार्डावर असतात. आता तिचं वय शहात्तर. पाठीला बाक आलेला, जिभेला मात्र नाही.

तिचा नातू दो युन-चान हा देशाच्या संघातला डाव्या बाजूचा बचावपटू. आईबापांचं दुकान शहरात, म्हणून बारा वर्षांचा होईपर्यंत तो आजीकडेच वाढला. एकतीस घरांच्या बामगोलातून देशाच्या संघात गेलेला हा पहिला आणि बहुधा शेवटचा. आज तो विश्वचषकात सुरुवातीपासून खेळणार होता. गावाच्या वेशीवर त्याच्या नावाचा केवढा तरी कापडी फलक लागला होता. त्याच्या खालून जाताना आनदोंगकरीण दर वेळी मान खाली घालायची, लाजून नव्हे, तर फार बघितलं तर दृष्ट लागेल म्हणून.

कारण ही बाई नातवाचा सामना बघत नसे. ऐकतही नसे. चौदा वर्षांत एकदाही नाही.

त्याचं असं झालं. युन-चान नऊ वर्षांचा असताना तालुक्याला शाळांचे सामने होते. आजी उकडलेले बटाटे बांधून घेऊन गेली, ओरडून ओरडून घसा बसवून घेतला, आणि शेवटच्या पेनल्टीला पोराने चेंडू आकाशात मारला. परतीच्या बसमध्ये तो रडून रडून काळानिळा झाला आणि म्हणाला, "आजी, तू नको येत जाऊस. तू आलीस की मी हरतो." पोर ते. तालुक्याची वेस ओलांडायच्या आत विसरूनही गेलं. पण आजीच्या काळजात ते वाक्य खिळ्यासारखं बसलं. तरी तिने पुढच्या वर्षी झाडाआडून बघितलं, तर त्याच्या खांद्याजवळचं हाड मोडलं. त्यानंतर एकदा, शाळांचे सामने टीव्हीवर दाखवत होते तेव्हा, चुलीवरचं भांडं उतरवता उतरवता टीव्ही लावला, दोनच मिनिटं, तर त्याने स्वतःच्याच जाळ्यात गोल घातला. तीनदा झालं म्हटल्यावर आणखी काय पुरावा हवा?

तेव्हापासून सामना असला की ती फोन बंद करायची आणि मिरच्यांच्या प्लास्टिकच्या मांडवात जाऊन बसायची. गावातही हे सगळ्यांना पाठ. "आनदोंगकरीण मांडवात गेली, टीव्ही लावा रे," असं लोक म्हणत. आणि तसं बघितलं तर असा पायगुण असलेली माणसं या देशात घरोघरी आहेत. मी बघितलं की आपण हरतो, असं म्हणून संडासात जाऊन बसणारे कर्ते पुरुष बामगोलमध्येच चार निघतील. पण ते अर्ध्या तासाने बाहेर येतात. ही चौदा वर्षं आत होती.

तिला ऐकायची इच्छा नव्हती असं कोणी समजू नये. फार होती. रेडिओवरचा तो भरघोस आवाजाचा माणूस "दो युन-चान" कसं म्हणत असेल, हे तिने मांडवात बसून किती वेळा मनात म्हणून बघितलं होतं, त्याला गणती नाही. पण नातवाचं नशीब आणि आपली हौस यांत तिने हौसेलाच कोपऱ्यात बसवलं होतं.

तर त्या सकाळी सात वाजता गावातले भोंगे खरखरले.

"आ, आ. ऐकू येतंय का? बामगोलकरांनो, मी सरपंच बोलतोय. आज दहाला आपला सामना आहे. टीव्हीसमोर बसायला कोणालाच सवड नाही, हे मला ठाऊक आहे. म्हणून मी रेडिओ माइकपुढे ठेवणार आहे. तुम्ही लसूण उपटा, मी सामना ऐकवतो. आणि कोणाची तरी काळी शेळी माझ्या तिळात शिरलेली आहे. मालकाने घेऊन जावी. नाहीतर संध्याकाळी ती रश्शात भेटेल."

शेतात आलेल्या नऊ बायकांनी टाळ्या पिटल्या. त्या सगळ्या बुडाला गोल गाद्या बांधून सरीत बसल्या होत्या; तशाच बसल्या जागी नाचल्या. एक भोंगा तर आनदोंगकरणीच्या शेताच्या कोपऱ्यावरच्या खांबाला होता.

"या मेल्याला आजच सुचायचं होतं!" आनदोंगकरीण म्हणाली आणि तिने सरपंचाला फोन लावून शेतात बोलावून घेतलं.

सरपंच ग्वोन फिल-हो मोपेडवरून आला. सदुसष्ट वर्षांचा हा गडी तिच्या नवऱ्याच्या मागेमागे फिरत मोठा झालेला, त्यामुळे अजून तिला वचकून असायचा. माइक मात्र त्याचा जीव की प्राण.

"बंद कर ते," ती म्हणाली.

"वहिनी, अहो, मी काय करू? सगळं गाव रानात. पोरगा आपला. तो विश्वचषकात खेळतोय आणि गावाने साधं ऐकायचंही नाही?"

"गावाने खुशाल ऐकावं. माझ्या कानावर यायला नको."

"मग तुम्ही जा की टेकडीपलीकडे. दोन तासांचा प्रश्न."

"आणि सावडीला आलेल्या बायकांना काय सांगू? तुम्ही माझ्या शेतात राबा, मी जरा हवा खाऊन येते? साडेदहाची न्याहारी कोण वाढणार, तुझी ती शेळी? ही चंगदोकरीण माझ्या तोंडावर थुंकेल."

"थुंकणार नाही बाई," शेजारच्या सरीतून चंगदोकरीण म्हणाली. ती हिची चाळीस वर्षांपासूनची शेजारीण, मैत्रीण आणि वैरीण. "पण गावभर सांगेन."

सावडीचा नियम बामगोलमध्ये कायद्यापेक्षा पक्का. ज्याच्या शेतात सावड, त्याने सगळ्यांच्या आधी यायचं, सगळ्यांच्या शेवटी जायचं आणि मधली न्याहारी स्वतःच्या हाताने वाढायची. शिवाय या नऊजणी टीव्ही सोडून हिच्याच लसणासाठी आल्या होत्या. त्यांचा सामना बंद पाडायचा म्हणजे माणुसकीच सोडायची. आनदोंगकरणीला हे सगळं कळत होतं, म्हणून तर तिचा जास्त संताप होत होता.

तोड काढली चंगदोकरणीच्या सुनेने. ही थुई, व्हिएतनामहून या गावात लग्न होऊन आलेली, हुशार आणि कमी बोलणारी. तिने ट्रॅक्टरमधल्या औषधाच्या डब्यातून कापूस आणला आणि त्याचे दोन घट्ट बोळे केले.

"आजी, कानात घाला. वरून टॉवेल बांधा, वर टोपी. मग काही नाही ऐकू येत."

"हो, आणि आम्ही तोंडातून ब्र काढणार नाही," चंगदोकरीण म्हणाली. "गोल झाला तरी पोटात ओरडू."

"तुझ्या पोटात काय राहतंय ते मला माहीत आहे," आनदोंगकरीण म्हणाली, पण तिने बोळे घातले. वरून टॉवेल घट्ट आवळला. भोंग्याचा आवाज उरला तो घागरीत अडकलेल्या माशीएवढा. शब्द एकही नाही.

दहा वाजले. माशी घागरीत गरगरू लागली.

आनदोंगकरीण खाली मान घालून लसूण उपटत राहिली. एक उपटायचा, मुठीवर आपटून माती झाडायची, आडवा ठेवायचा. पहिली दहा मिनिटं बरी गेली. मग तिच्या लक्षात आलं की पुढच्या बायकांचे हात एका तालात चालत नाहीयेत. मध्येच सगळ्याजणी भराभर उपटायला लागत, माती झाडायचंही विसरत. मग एकदम हात थांबत, नऊच्या नऊ. मग खांदे सैल पडत आणि पुन्हा काम सुरू होई. भराभर म्हणजे चेंडू आपल्याकडे. थांबले म्हणजे कोणीतरी जाळ्यावर मारतंय. सैल म्हणजे गेला बाहेर.

तिने ठरवून बघितलं नव्हतं. पण वर्षानुवर्षं ज्या बायकांबरोबर आपण राबलो, त्यांच्या पाठी वाचायला काय शाळेत जावं लागतं?

हे ऐकणं झालं का? तिने मनाशी वाद घातला. कान तर बंद आहेत. डोळे मिटून लसूण उपटता येत नाही. मग यात माझा काय गुन्हा? पण मनच ते. एकीकडून म्हणे, बघू नकोस, आणि दुसरीकडून मान वर काढायला लावी.

अर्धा तास झाला असेल, तेव्हा नऊही हात थांबले, आणि चंगदोकरीण एकदम वळून आनदोंगकरणीकडे बघून हसली. तोंडभर, उरल्यासुरल्या दातांसकट. लगेच जीभ चावून तिने तोंड फिरवलं. पण काम झालं होतं. माझ्या पोराने काहीतरी चांगलं केलं, हे आजीला समजलं. आणि त्या आनंदाच्या मागोमाग भीती आली. मी बघितलं. आता काय होईल?

थुईचा फोन सरीच्या टोकाला तिच्या टिफिनला टेकून ठेवलेला होता. भोंग्यावर आधी ऐकू यायचं आणि फोनवर तेच चित्र अर्ध्या मिनिटाने यायचं. त्यामुळे बायका आधी ऐकायच्या आणि मग चित्र बघायला धावायच्या. आताही धावल्या. आनदोंगकरीण मात्र पाठ करून बसून राहिली आणि एकाच लसणाची माती तीन तीनदा झाडत राहिली.

मध्यंतराला तिने न्याहारी वाढली, नेहमीपेक्षा थोडी उशिरा, पण वाढली. गार पाण्यातल्या शेवया, मुळ्याची आंबट-तिखट किमची, वाटीवाटी तांदळाची दारू. नऊजणी माना खाली घालून अशा गंभीर चेहऱ्याने जेवल्या, जणू कोणाच्या तेराव्याला बसल्यात. एवढं ओढून आणलेलं गांभीर्य बघून तिला कळलं की अजून हरलेलो नाही. हरलो असतो तर यांनी तिला हसवायचा प्रयत्न केला असता.

दुसऱ्या अर्ध्यात ऊन चढलं. दोन सऱ्या संपल्या, तिसरी सुरू झाली.

आणि मग हात थांबले.

या वेळी खांदे सैल पडले नाहीत. कोणी हललंच नाही. मग एकेकजण पुन्हा लसूण उपटायला लागली, सावकाश, आणि नऊजणींपैकी एकीनेही मागे वळून आनदोंगकरणीकडे बघितलं नाही. चंगदोकरीण, जी बाई दर मिनिटाला कारण नसताना वळून बघते, तीसुद्धा नाही. अर्ध्या मिनिटाने थुई उठली, फोनवर एक नजर टाकली, आणि तो पालथा घालून टिफिनखाली सरकवला.

नुसता गोल बसला असता तर त्या हळहळल्या असत्या, शिव्या दिल्या असत्या. एकमेकींकडे तरी बघितलं असतं. ही शांतता कोणाच्या तरी घरची होती. ती आपल्या घरची आहे, हे आनदोंगकरणीला सांगायला कोणी लागलं नाही.

ती उठली. गुडघे कटकन वाजले. बुडाला बांधलेली गादी तशीच घेऊन ती बांधावरून निघाली. मागून चंगदोकरीण ओरडली असेल, पण ऐकू येण्याचा प्रश्नच नव्हता. सावडीचा नियम मोडून, नऊ बायका शेतात सोडून यजमानीण चालती झाली, हे बामगोलमध्ये आजवर घडलेलं नव्हतं.

दोनशे पावलांवर सरपंचाचं कार्यालय. त्या दोनशे पावलांत तिने स्वतःला जेवढ्या शिव्या घातल्या, तेवढ्या सासूनेही कधी घातल्या नव्हत्या. बघितलंसच शेवटी. राहवलं नाही ना? खाल्लंस ना पोराला? आणि शेवटच्या वीस पावलांवर, कार्यालयाच्या पायरीशी, तिचा हात आपोआप कानाकडे गेला आणि बोटाला कापूस लागला.

ती थांबली.

बोळे कानात होते. गोल झाला तेव्हाही बोळे कानात होते. आणि त्या वेळी तिची नजर खाली होती, एक लसूण मुळाशी तुटला होता तो ती बोटांनी उकरून काढत होती. हात थांबलेले तिने बघितले ते नंतर. गोल आधी झाला, बघणं मागून.

आत फिल-हो डोकं धरून बसला होता. समोर माइक, माइकपुढे रेडिओ. तिला बघून तो असा दचकला की खुर्ची मागे कलंडली. बटण बंद करायला त्याने हात घातला, तर तिने त्याचं मनगट धरलं. दुसऱ्या हाताने टॉवेल सोडला, आणि बोळे काढून टेबलावर ठेवले.

"कोणाच्या चुकीने गेला?"

"वहिनी, अहो, चुकीचं काय त्यात..."

"फिल-हो, खरं सांग."

"युन-चानचा पाय सरकला," तो खाली बघत म्हणाला. "त्यांचा गडी बाजूने निघून गेला. कोणाचाही सरकला असता."

"तेव्हा मी ऐकत नव्हते," ती म्हणाली.

"नव्हतात ऐकत. तुमचा काहीच..."

"तसं नाही रे. तुला कळत नाहीये." तिने त्याचं मनगट सोडलं. "मी ऐकत नव्हते तरी सरकला. म्हणजे त्याला कारण मी नव्हतेच. त्या पेनल्टीलाही मी नव्हते. त्याच्या हाडालाही नव्हते. चौदा वर्षं, फिल-हो! चौदा वर्षं माझं लेकरू तिकडे धावत होतं आणि मी मिरच्यांच्या मांडवात बसून राहिले. कशासाठी? सांग ना, कशासाठी?"

माइक चालूच होता. खाली शेतांतून सगळं बामगोल हे ऐकत होतं, प्रत्येक भोंग्यावर, शब्दन् शब्द. फिल-होच्या ते लक्षात आलं, आणि आयुष्यात पहिल्यांदा त्याला माइकची लाज वाटली. पण बटणापर्यंत त्याचा हात गेला नाही. त्याने कलंडलेली खुर्ची उभी केली आणि तिला बसवलं.

मग रेडिओतला माणूस म्हणाला, "डावीकडून दो युन-चान!"

असं म्हणतात होय त्याचं नाव. ती मनात म्हणायची त्याहून पुष्कळ मोठं. तिने दोन्ही हात तोंडावर ठेवले. मग काढले.

"पळ!" ती ओरडली. "पळ रे सोन्या! सरकला तर सरकला, पळ!"

उरलेली एकवीस मिनिटं गावाने जो सामना ऐकला, तसा जगात कुठेच कोणी ऐकला नसेल. रेडिओवाला एक वाक्य बोलायचा, त्यावर आजीची तीन. "कोणाकडे दिला ते सांग ना आधी, कविता कसल्या करतोस!" "अरे, याला कोणी पाणी पाजा, दम लागलाय त्याला, आवाजावरून कळतंय." कोणाचा दम आणि कोणाचा आवाज, हे विचारायची कोणाची छाती नव्हती. शेतात एकही हात लसणाला लागत नव्हता. चंगदोकरीण सरीत बसून हसत होती आणि मातकट हातमोज्यांनी डोळे पुसत होती, त्यामुळे तोंडभर माती.

सामना एक-शून्यने गेला.

आनदोंगकरीण खुर्चीत बसून राहिली. ऐकलं आणि हरलो. आता छातीत तो जुना खिळा रुतेल म्हणून ती वाट बघत होती. वाईट वाटलं, फार वाटलं, पण ते सगळ्या गावाला वाटलं तसंच. वेगळं, तिच्या एकटीचं असं काही नव्हतं.

ती शेतात परतली. चंगदोकरीण म्हणाली, "यजमानीणबाई, फिरून आलात? बरं वाटलं का हवेत?" मग सगळ्या हसल्या आणि तिसरी सरी पुढे सरकली.

फोन आला तीन वाजता. ती जुड्या बांधत होती. बायका जरा दूर सरल्या, म्हणजे ऐकू येईल एवढ्याच दूर.

"आजी." पोराचा आवाज बसलेला होता. एवढा मोठा पंचवीस वर्षांचा घोडा, पण त्या एका शब्दावरून तिला कळलं की तो रडून आलाय. "जेवलीस का?"

"मी जेवले. तुझं काय ते बोल."

"आजी, आज माझ्यामुळे हरलो. सगळ्या देशासमोर. फक्त माझ्यामुळे."

आनदोंगकरीण हातातल्या जुडीकडे बघत राहिली. तीन-साडेतीन तासांपूर्वीच तिच्या डोक्यावरून चौदा वर्षांचं ओझं उतरलं होतं. मान हलकी वाटत होती, अजून सवयही झाली नव्हती.

"तुझ्यामुळे कशाने?" ती म्हणाली. "माझ्यामुळे. मी ऐकत होते."

"काय?"

"अथपासून इतिपर्यंत. कान उघडे ठेवून. खांबावरच्या भोंग्याखाली बसून. तू पडशील नाहीतर काय होईल? माझा पायगुण तुला माहीत नाही का? विचार सगळ्या गावाला."

पलीकडून नाक ओढल्याचा आवाज आला.

"आजी, मग आत्तापर्यंत आम्ही जे बाकीचे सामने हरलो, ते कोणी ऐकले?"

नऊ बायकांचे हात थांबले होते.

"तेही मीच," आनदोंगकरीण अजिबात न लाजता म्हणाली. "मांडवात चोरून ऐकायची. सगळे माझ्या नावावर टाक. तू आता जेव, आणि झोप. पुढचा सामना कधी आहे?"

"मंगळवारी. आजी, त्या दिवशी तू पुन्हा मांडवात..."

"छे, मंगळवारी चंगदोकरणीच्या शेतात सावड आहे," ती म्हणाली. "तिच्याकडे भोंगा लांब पडतो. फिल-होला सांगते, आवाज वाढव म्हणून."